एकराचा आकडा, पंपाचा आकडा

बाटलीचं निळं झाकण.
निखळलेली एक कळ.
सोळा लिटरचा पंप.
लाल ओळी. पुन्हा लाल ओळी.
"चालते ना!"

मित्रांनो, मी एक जुना लॅपटॉप आहे. सगळं क्रमानं सांगायला हवं, पण माझा पंखा घरघरतो आणि जीव एका जागी थांबत नाही.

जन्म आठवत नाही. पांढरकवड्याच्या एका दुकानात मी पोरांचे प्रवेशअर्ज भरले. सगळे म्हणायचे, काय झपाट्याचा आहे! मग नवे आले. मी दोन वर्षं प्लास्टिकच्या पिशवीत पडून. पुढे उर्वशीनं मला लोहाऱ्याच्या औद्योगिक वसाहतीतल्या एका खोलीत आणलं. तिथे ती आणि तिचा सहकारी नयन मोबाईलवरचा एक प्रोग्राम बनवतात. औषधाचं नाव टाकलं की फवारणीच्या, पाठीवर घ्यायच्या सोळा लिटरच्या एका पंपात ते किती घालायचं, ते कळतं.

उर्वशीचे बाबा, धर्मपाल, दुसऱ्यांच्या कपाशीत फवारणी करतात. आमच्याकडे कोणी एकराचं प्रमाण विचारत नाही. 'पंपाले किती?' एवढंच. पण बाटलीवर लिहिलेलं असतं एकराचं. आणि एका एकराला आठ पंप लागतात.

मला काय ठाऊक? मला ऐंशी म्हणजे ऐंशी, एकराचे असोत की पंपाचे. नयननं लिहिलेला प्रोग्राम मी मुकाट्यानं जुळवायचो आणि म्हणायचो, ठीक.

त्या सोमवारी उर्वशीनं माझ्यात एक प्लगइन, म्हणजे तपासणारी जोड, बसवायला घेतलं. प्रोग्राम जुळवला जात असतानाच, तो चालण्याआधी, ते प्रत्येक आकड्याला विचारतं: तू कशाचा? आधी ते बसेचना. माझ्यातलं सगळंच जुनं. ती मोबाईलच्या नेटवर नवं उतरवत राहिली, मी तापत राहिलो. मग तिनं एकेका आकड्याला ओळख लावली. हा एकराचा. हा पंपाचा.

बसलं. आणि चुका दाखवणाऱ्या ओळींनी पडदा लाल.

"बंद कर ना ते," नयन म्हणाला. "सकाळपासून कायले ओरडून राह्यलं? संध्याकाळी लोकाइच्या मोबाईलवर सोडाचं आहे. मागच्या साली बिनतक्रार चाललं."

"ओरडू दे. तुयासारखं 'चालते ना' तं नाही म्हणत."

"मी लिहिलं म्हणून रुसलं असन."

"बाबा उद्या यातूनच पाहून फवारनार हायेत, नयन."

ती एकेक लाल ओळ मिटवत गेली. बहुतेक ठिकाणी ओळख लावायची राहिली होती. शेवटची मात्र मिटेना. निळ्या झाकणाच्या नव्या औषधाची. एकराचे ऐंशी मिली, आठनं न भागता, सरळ पंपाच्या जागी.

ओळ मागच्या वर्षीची होती.

तिनं फोन लावला. "बाबा, मागच्या साली त्या नव्या औषधाचं पंपाले किती टाकलं तुम्ही?"

"तुया मोबाईलनं सांगतलं तेवढंच, बाई. ऐंशी. काहून?"

तिचं बोट माझ्या निखळलेल्या कळीच्या खड्ड्यावर फिरत राहिलं.

"उद्या दहा टाकजा. दहाच."

नयननं खुर्ची ओढली आणि भागाकार लिहिला.

मित्रांनो, माझा पंखा पुसा, मला पिशवीत कोंबू नका, हे मी सांगणारच होतो. पण त्याआधी एक मागणं. माझ्यासारखा कोणी झटकन 'ठीक' म्हणाला, तर त्याला विचारा, हा आकडा कशाचा?

मागच्या सप्टेंबरात, फवारणीच्या दिवसांत, धर्मपाल अकरा दिवस दवाखान्यात होते.