दोन्ही अर्ज मंजूर झाले असते तर

बाबा खोटं बोलले नव्हते, हे आधीच सांगून टाकते. ते दोन कोर्टांत खरं बोलले आणि त्यामुळेच खोटे पडायची वेळ आली.

आमचा धंदा खुर्च्यांचा. बाबांनी कारखाना एका गावात काढला आणि दुकान दुसऱ्यात. पुढे थोरल्याला कारखान्यात बसवलं, धाकट्याला दुकानात. मी मधली, लग्न होऊन तिसऱ्या गावी, आणि आई गेल्यापासून बाबा माझ्याकडे. भावांचं बिनसलं तेव्हा थोरल्याने आपल्या गावच्या कोर्टात दावा लावला, की सगळं सामाईक आहे, वाटणी करून द्या. धाकट्याने आपल्या गावच्या कोर्टात लावला, की दुकान बाबांनी मलाच दिलंय. भांडण एक, दावे दोन, आणि दोन्हीकडे साक्षीदार बाबाच. दोन घरचा पाहुणा उपाशी म्हणतात, तशी त्यांची गत.

एका कोर्टात विचारलं, "सगळं सामाईक आहे ना? हो की नाही, एवढंच सांगा." बाबा हो म्हणाले. दुसरीकडे विचारलं, "दुकान धाकट्याला दिलंत ना?" तिथेही हो. दोन्ही हो खरेच होते, फक्त पुढचं वाक्य कुणी बोलू दिलं नाही. आता उलटतपासणीत एका कोर्टातली साक्ष दुसऱ्या कोर्टात दाखवून वकील त्यांना खोटं पाडणार होते. बाबांनी अन्न सोडलं.

"आयुष्यात डगमगती खुर्ची विकली नाही मी," ते म्हणत, "आणि आता मीच डगमगता ठरणार."

माझ्या ओळखीच्या वकीलबाई म्हणाल्या, "दोन्ही दावे एका कोर्टात वर्ग करून घेता येतात. वरच्या कोर्टात अर्ज करायचा, ते इथे आपल्याच गावी आहे. मग सुनावणी एकत्र होते आणि साक्ष एकदाच."

मी लगेच दोघांना फोन लावले. थोरला म्हणाला, "माझा दावा त्याच्या गावी नेऊ? नाक घासत?" धाकटा म्हणाला, "ताई, दादाच्या गावात सगळे त्याच्या ओळखीचे. नाही जमणार." मी दोघांना जे काही बोलले ते इथे लिहिण्यासारखं नाही. शेवटी वकीलबाईंना म्हटलं, मीच करते अर्ज. तर त्या म्हणाल्या, "गरज नाही. दोघांचेही आलेत." मला वाटलं, चला, अक्कल आली, ठरवून केलं असेल.

सुनावणीला भाऊ बाकाच्या दोन टोकांना बसले, मी बाबांना घेऊन मागच्या बाकावर. ठरवून केल्याची काही चिन्हं दिसेनात. न्यायाधीशबाईंनी एक अर्ज वाचला, दुसरा वाचला, मग पुन्हा पहिला वाचला आणि चष्मा काढला.

"थोरले म्हणतात, माझा दावा धाकट्याच्या गावी पाठवा. धाकटे म्हणतात, माझा थोरल्याच्या गावी पाठवा. दोन्ही मंजूर केले, तर दावे वाटेत एकमेकांना नमस्कार करून पुढे निघून जातील!"

सगळं कोर्ट हसलं. दोन्ही वकील मात्र कागद चाळत बसले. दोन्ही अर्जांत कारण एकच होतं, की वडिलांना दोनदा उभं राहायला लागू नये.

थोरल्याने मान वळवली. "तूही केलास?"

"मला काय माहीत तू करशील!" धाकटा म्हणाला.

मला इतका राग आला आणि इतकं हसू आलं, की डोळ्यांतून पाणीच यायला लागलं. फोनवर नाही म्हणताना दोघांची जीभ कशी चुरूचुरू चालली होती. वाकायचं होतं, पण कुणाला दिसू द्यायचं नव्हतं.

"वडील राहतात कुठे?" न्यायाधीशबाईंनी विचारलं.

मी उठून म्हटलं, "इथेच. माझ्याकडे."

"मग दोन्ही दावे इथल्याच कोर्टात वर्ग. सुनावणी एकत्र, आणि यांची साक्ष एकदाच."

माझा जीव भांड्यात पडला. बाबांनी माझा हात इतका घट्ट धरला, की बांगडी रुतली.

बाहेर येऊन ते व्हरांड्यातल्या बाकावर बसले. भाऊ दोन बाजूंना टेकले, मी समोर उभी.

"एकदाच सांगायचं?" बाबांनी विचारलं.

"एकदाच."

"आणि दोघं समोर असतील?"

"असणारच की."

"मग आत्ताच सांगतो."

वकीलबाई घाईने म्हणाल्या, "काका, ते साक्षीच्या दिवशी सांगा."

"कोर्टाला तेव्हा सांगेन. यांना आत्ता." बाबांनी घसा खाकरला. "दुकान धाकट्याला दिलं, ते चालवायला. कारखाना थोरल्याला दिला, तोही चालवायला. आणि आहे सगळं तिघांचं."

"तिघांचं?" मी नकळत मागे वळून पाहिलं. मागे कुणीच नव्हतं.

"तुझंही, वेडे. हे दोन्हीकडे कुणी विचारलंच नाही."

हिशेबात बहीण धरायची राहिली, हे दोघांच्याही चेहऱ्यावर एकदमच आलं. मला वाटलं, आता पुन्हा जुंपणार. पण थोरला बाबांना धरून थोडा पलीकडे सरकला, धाकटा दुसऱ्या बाजूला सरकला, आणि बाकावर एका माणसाची जागा झाली.

"उभी काय राहिलीस?" थोरला माझ्याकडे न बघता म्हणाला. "बस की."