उभे राहिले ते सातजण

आमच्या चर्चमध्ये दर रविवारी उपदेशाच्या आधी साक्षीची वेळ असते. ज्याला देवाने काही दिलं, तो पुढे येतो, माईक हातात घेतो आणि सांगतो. कुणाचं बाळंतपण सुखरूप झालं, कुणाचा व्हिसा आला. मंडळी "हालेलुया" म्हणतात, बाबा अयान्लेके काखेतला ढोल बोलता करतात आणि मी त्या साक्षीवर दोन ओळींचं ध्रुवपद रचून उचलते. आमचे पाळक फामोरोती मग तेच ध्रुवपद धरून अख्खा उपदेश गाऊन सांगतात. या गाण्यासाठीच मी चाळीस वर्षं मोलेटे भागातून चालत येते आहे. गाऊन सांगितलेलं वचन माझ्या हाडांत उतरतं, कोरडं सांगितलेलं कानातच राहतं.

म्हणून आधी माझा गुन्हा सांगते. इस्टरनंतरच्या रविवारी डोटुन साक्षीला उभा राहिला. पंचविशीतला पोरगा, अंगावर कडक इस्त्रीचा घोळदार आग्बादा, पायात नवे बूट. म्हणाला, फुटबॉलच्या पाच सामन्यांवर पैजेची साखळी लावली होती, पाचही लागले. दशांश म्हणून त्याने चर्चला नवा लाउडस्पीकर दिला आणि पुढच्या आठवड्याच्या तिकिटाचा कोड त्याच माईकवरून वाचून दाखवला, "म्हणजे माझ्या भावंडांनाही आशीर्वाद मिळावा." तो कोड फोनमध्ये टाकला की तीच पैज आपल्यालाही लागते; लोकांनी तो बायबलच्या मागच्या पानावर उतरवून घेतला. आणि मी, शाळेत पस्तीस वर्षं गणित शिकवलेली बाई, मी त्यावर ध्रुवपद उचललं! नव्या स्पीकरमधून माझाच आवाज मला इतका गोड लागला की डोकं बाजूलाच राहिलं.

तीन रविवार असे गेले. दर वेळी कुणीतरी जिंकलेला पुढे यायचा. हरलेला कुणी आला नाही, आणि ते माझ्या लक्षातही आलं नाही.

चौथ्या रविवारच्या आदल्या शनिवारी दुपारी माझी भाची मोरोलाके दारात उभी. माझ्या धाकट्या भावाची, अडिगुनची मुलगी. नर्सिंगचं शेवटचं वर्ष, परीक्षेची फी चार लाख वीस हजार नायरा, बुधवार शेवटचा दिवस. तो चुकला की सबंध वर्ष गेलं.

"आत्या, बाबांनी फी फोनमध्ये घातली."

"फोनमध्ये म्हणजे?"

"आधी डॉलरच्या नाण्यात. त्यातून त्या पैजेच्या साइटच्या नाण्यात. आणि आज सकाळी तिकिटात."

मी गॅसवर घोटत असलेली अमालाची उकड तशीच सोडली आणि चप्पल अडकवली.

अडिगुन फ्रीज दुरुस्त करतो. दुकानासमोर बाकावर बसून तो एका कॉम्प्रेसरशी झटत होता. मला बघून हसला. "ये ताई! पोरीने चुगली केली वाटतं?"

"फी कुठंय?"

"सुरक्षित आहे. नायरा ठेवून काय करू? जानेवारीत ठेवले असते तर आज पाव किंमत वितळली असती. म्हणून फोनवरचं डॉलरचं नाणं घेतलं, एक नाणं म्हणजे एक डॉलर. दोनशे ऐंशी." हे खोटं नव्हतं, आमच्याकडे शिंपीसुद्धा बचत अशीच ठेवतो. "मग ती साइट म्हणाली, आमच्या नाण्यात लावलंत तर वीस टक्के जादा. नाही कशाला म्हणू?"

"आणि तिकीट?"

त्याने फोन पुढे केला. बारा सामने. प्रत्येकाचा भाव एक पूर्णांक दोन, म्हणजे शंभराचे एकशेवीस. खाली मोठ्या हिरव्या आकड्यात बक्षीस, जवळजवळ नऊपट.

"मोठे मोठे संघ आहेत, ताई, घरच्या मैदानावर. प्रत्येक सामना ऐंशी टक्के पक्का."

"पक्का एकेकटा. तुला तर बाराच्या बारा हवेत. ऐंशीचे ऐंशी टक्के चौसष्ट. त्याचे ऐंशी टक्के एक्कावन्न. असं बारा वेळा काप, शंभरातले सात उरतात."

"तू आशीर्वादालाही भागाकार लावतेस!"

"गुणाकार. आणि भावही बघ. ऐंशी टक्क्याचा न्यायाचा भाव सव्वा. ते देतात एक पूर्णांक दोन. एका सामन्यात चिमूटभर कापतात, पण बारा चिमटींनी साडेचौदापटीचं नऊपटसुद्धा उरत नाही."

तो कॉम्प्रेसरवर पाना ठोकत म्हणाला, "पस्तीस वर्षं गणित शिकवलंस, अजून भाड्याच्या दोन खोल्यांत राहतेस. डोटुन दहावी नापास आहे. त्याच्या दारात गाडी उभी आहे."

मला लागलं. लपवत नाही, फार लागलं. पण मोरोलाके शेजारी उभी होती आणि तिचे ओठ पांढरे पडले होते.

"मोडता येतं का हे तिकीट?"

तिनेच बोट दाखवलं. कोपऱ्यात एक बटण होतं. पहिला सामना सुरू होईपर्यंत, म्हणजे रविवारी दुपारी दीडपर्यंत, तिकीट मोडून थोडं कमी परत मिळत होतं.

"मोड."

"उद्या डोटुनची साक्ष ऐकतो, मग बघू," अडिगुन म्हणाला. "देवाच्या घरात तो खोटं बोलेल का?"

परत येताना मोरोलाकेने मला त्या साइटचं आणखी एक पान दाखवलं. बारीक अक्षरं. ओळखीची माणसं आणणाऱ्याला काय मिळतं, त्याची माहिती. मी ते बसस्टॉपवर तीनदा वाचलं. तुमच्या कोडवरून किंवा लिंकवरून शिरलेला माणूस हरला की त्याच्या हरलेल्या पैशातला चौथा हिस्सा तुमचा. जिंकला तर काही नाही.

म्हणजे गाडी पैजेतून आलेली नव्हती. लाउडस्पीकरही नव्हता. आमच्याच बाकांवरून हरलेल्या पैशाचा दशांश आमच्याच वेदीवर चढला होता आणि त्यावर मी गायले होते! त्या दुपारी मला जी चीड आली, ती आयुष्यात एखाद-दुसऱ्यांदाच आली असेल. आधी डोटुनची, मग त्या साइटची, आणि सगळ्यात जास्त माझ्या स्वतःच्या गळ्याची.

रविवारी डोटुन पुढे आला. सात सामन्यांची साखळी लागल्याचं सांगितलं. नवा कोड वाचणार, तेवढ्यात पाळक म्हणाले, "आरिनोलाबाई, ध्रुवपद उचला."

मी उचललं.

"कोण उभं राहील, कोण उभं राहील, बारा दारं ओलांडून कोण उभं राहील?"

लोकांना वाटलं, स्वर्गाची दारं. टाळ्या सुरू झाल्या. मी गातागाताच डोटुनला धरून पुढच्या बाकांवरून मोजून शंभरजणांना उभं केलं. मग बाबा अयान्लेकेंना म्हटलं, "बाबा, चार थापा हलक्या, पाचवी जोरात. पाचवी ज्याच्यावर पडेल तो खाली बसेल. हा पहिला सामना."

"सामना?" पाळकांनी मान वर केली.

"गाऊ द्या, पाळकसाहेब. उपदेशच आहे."

ढोल निघाला. वीसजण बसले. लोक हसत होते, लग्नातला खेळ असावा तसे. दुसऱ्या फेरीत पाचवी थाप डोटुनवर पडली.

"अरे, कोडवालाच बाद!" मागून कुणीतरी ओरडलं.

"बस रे बाबा, बूट दुखत असतील," इया बोंके म्हणाल्या. या आमच्या सगळ्यात म्हाताऱ्या बाई, कोपऱ्यावर अकाराचे वडे तळतात.

चौसष्ट. एक्कावन्न. चौथ्या सामन्याला अडिगुनवर थाप पडली. तो हसला नाही. बसला, आणि माझ्याकडे बघत राहिला. एक्केचाळीस, तेहतीस, सव्वीस. हसणं कमी होत गेलं. एकवीस, सतरा, तेरा. आता टाळ्याही थांबल्या होत्या, फक्त ढोल. अकरा. नऊ. सात.

सातजण उभे होते. त्यांत इया बोंके होत्या. त्यांच्याकडे फोनसुद्धा नाही.

मी गाणं थांबवलं नाही, पण आवाज खाली आणला. "शंभरांनी शंभर-शंभर नायरा टाकले. झाले दहा हजार. या सातजणांना मिळून सव्वासहा हजार मिळतील. पावणेचार हजार कुणाच्या खिशात गेले? पुढच्या रविवारी हेच सात माईकपाशी येतील. तुम्ही त्र्याण्णव घरी बसाल, पापी असल्यासारखे. चार आठवडे आपण या सातांचीच साक्ष ऐकतो आहोत!"

"बाई, पुरे," डोटुन उठला. "पाया पडतो तुमच्या. तुम्हाला यातलं कळत नाही."

"अजून दोन सामने उरलेत, बस. ते मैदानावर होत नाहीत. तेरावा, बक्षीस ज्या नाण्यात मिळणार ते नाणं उद्या पडलं तर? चौदावा, त्यांनी दिलंच नाही तर? कोणत्या पोलिसात जाशील? बँक नाही, दुकान नाही, पाटी नाही. गेलेलं नाणं कुणी परत आणत नाही." मी आणखी दोघांना बसवलं, मग आणखी एकाला. या दोन सामन्यांत किती बसतील ते प्रमाण कुणालाच ठाऊक नाही, हेही सांगितलं. "आणि आता तू सांग, डोटुन. तुझ्या लिंकवरून शिरलेला माणूस हरला, तर तुला किती मिळतं?"

त्याने दाराकडे पाहिलं.

"देवाच्या घरात विचारते आहे. चौथा हिस्सा की नाही?"

"ते… ते साइटचं धोरण आहे."

"धोरण!" इया बोंके उभ्याच होत्या. "माझ्या नातवाने माझ्या तेलाचे पैसे घातले तुझ्या धोरणात!"

मग जो गलका झाला त्यात पाळकांचा आवाजही बुडाला. ते मला "बसा, बाई, बसा" म्हणत होते. मी बसले नाही. माझं लक्ष भिंतीवरच्या घड्याळाकडे होतं. एक वाजून दहा मिनिटं. अडिगुनची जागा रिकामी होती.

तो बाहेर आंब्याखाली उभा होता, फोन दोन्ही हातांत धरून.

"सिग्नल येत नाही," तो म्हणाला. काल दुकानासमोर बसून मला हसणारा माणूस आता लहान पोरासारखा फोन उंच धरून गोल फिरत होता. मोरोलाके धावत आली, तिने आपल्या फोनवरून त्याला इंटरनेट दिलं. एक वाजून बावीस मिनिटांनी बटण दाबलं गेलं. नाणं शनिवारपासून घसरलं होतं, त्यांनी मोडणावळ कापली, पैसे पाठवायचे वेगळे कापले, आणि जादाचे वीस टक्के मोडल्याबरोबर परत घेतले. दोनशे ऐंशीचे दोनशे तीस झाले. एका दिवसात पन्नास डॉलर, एकही सामना न खेळता.

"एवढंच?" अडिगुन म्हणाला.

"एवढं तरी," मोरोलाके म्हणाली.

फीला कमी पडलेले पैसे मी द्यायला निघाले होते. तिने मला थांबवलं. "नको, आत्या. बाबांना भरू दे." अडिगुनने दुरुस्त करून विकायला ठेवलेला फ्रीज पडेल त्या भावाने विकला. बुधवारी साडेअकराला फी भरली गेली. पावती तिने मला दाखवली, वडिलांना नाही.

आता लोक मला रस्त्यात गाठून एकच विचारतात. त्या बारा सामन्यांचं शेवटी काय झालं? लागलं असतं का तिकीट? अडिगुनला माहीत आहे, त्याने पाहिलं. मी पाहिलं नाही आणि त्याला सांगूही दिलं नाही. या प्रश्नाचीच मला चीड येते. हरलं असतं तर मी शहाणी, आणि लागलं असतं तर मी भावाचं नशीब बुडवलेली? पोरीचं वर्ष शंभरातल्या सातांवर टांगणं हे शनिवारी चूक होतं. रविवारी संध्याकाळी कुणीही गोल केला तरी ते चूकच.

पुढच्या रविवारी डोटुन आला नाही. साक्षीच्या वेळी कुणी उठेना. पाळकांनी दोनदा विचारलं. शेवटी ढोलाच्या जागेवरून बाबा अयान्लेके उठले. आयुष्यभर दुसऱ्यांच्या साक्षींवर वाजवत आलेला माणूस, माईकपाशी पहिल्यांदाच आला. त्याने माईक हातात घेतला, त्या नव्या स्पीकरकडे पाहिलं, आणि माईक परत ठेवून दिला.

"मी त्र्याण्णवांतला," तो नुसत्याच आवाजात म्हणाला. "तीन कोड लावले. माझ्या वडिलांचा धाकटा ढोल विकला. बायकोला सांगितलं, दुरुस्तीला दिलाय."

कुणीच "हालेलुया" म्हणालं नाही. अशा साक्षीला काय म्हणायचं, हे आमच्यापैकी कुणाला कधी शिकवलंच नव्हतं. त्याची बायको तिसऱ्या बाकावर बसली होती. ती उठली, पुढे गेली आणि त्याच्या शेजारी उभी राहिली.

पाळक फामोरोतींनी माझ्याकडे पाहिलं. "बाई," ते हळूच म्हणाले, "याच्यावर ध्रुवपद उचलाल?"

मी उचललं. ढोल वाजवणारा पुढे उभा होता, म्हणून ताल लोकांना टाळ्यांनीच धरावा लागला.