घोड्याचं नाव

घड्याळं दुरुस्त करणाऱ्या माणसाला वेळ नसतो. आमचे घड्याळजी याला अपवाद नव्हते. दुकानामागच्या खोलीत बायको टीव्हीला व्हिडिओ गेम जोडून बसायची. गेममध्ये तिनं एक गाव वसवलं होतं, घोडा पाळला होता.

"अहो, या ना बघायला! घोड्याचं नाव बघून हसाल."

"आलोच. गिऱ्हाइकाचं घड्याळ उघडं आहे."

ते मिटेपर्यंत दुसरं उघडलेलं असे. असं करता करता बायको गेली. घोडा बघायचा राहिला.

पुढं टीव्ही बिघडला, गेमचा डबाही बिघडला. कॅसेट तेवढी शाबूत होती. परवा मुलीचा फोन आला. "बाबा, आता मोबाइलवर एमुलेटर मिळतो. मोबाइल त्या जुन्या डब्याचं सोंग घेतो. गेम तर येईलच, आईनं जिथवर खेळून ठेवलंय तेही येईल. रविवारी येते. कॅसेट काढून ठेवा."

काढून ठेवा म्हटल्यावर घड्याळजी नुसती काढून ठेवतील? त्यांनी ती उघडली. आत सेल, तोही म्हातारा. थकलेल्या सेलची वस्तू त्यांनी आजवर कुणाच्या हाती दिली नव्हती. जुना काढला, नवा डाख देऊन पक्का बसवला, वर ब्रशनं धूळही झटकली.

रविवारी ते इस्त्रीचा शर्ट घालून बसले. मुलीनं कॅसेट एका छोट्या यंत्रात खोचली, यंत्र मोबाइलला जोडलं. ओळखीचं संगीत वाजलं.

"कुठंय घोडा?"

मुलगी पडद्यावर बोट फिरवत राहिली. "बाबा, इथं आईचं काहीच नाहीये. कॅसेट उघडली होतीत?"

"मग! नवा सेल टाकलाय. आता वर्षानुवर्षं बघायला नको."

"अहो बाबा, त्या सेलवरच तर तिचं सगळं टिकून होतं."

"असं कसं? सेल काढला की घड्याळ थांबतं. काटे कुठं जातात? असतात तिथंच राहतात!"

"हे घड्याळ नाही, बाबा."

पडद्यावर 'नवा खेळ सुरू करा' असं लुकलुकत होतं. घड्याळजी ते बराच वेळ वाचत बसले. तेवढंच लिहिलेलं होतं.

"तुला सांगितलं असेल तिनं. काय नाव होतं?"

"नाही. म्हणायची, आधी बाबांना दाखवू दे."

घड्याळजी उठले, खण उघडला. "जुना सेल फेकला नाहीये मी. तोच परत बसवला तर?"

मुलीनं यंत्रातून कॅसेट काढून त्यांच्यापुढं ठेवली. त्यांनी एका डोळ्याला भिंग लावलं, दुसरा मिटून घेतला आणि कॅसेटचा स्क्रू फिरवायला घेतला.