माझी मान कोणी वळवली?

मी एक जुना कॅमेरा आहे. जुना म्हणजे चार वर्षांचा, पण आमच्या जातीत तेवढ्यात म्हातारपण येतं. फणसवाडीतल्या चाळीत, दुसऱ्या मजल्याच्या गॅलरीत माझा मुक्काम. दारातल्या चपला चोरीला जायला लागल्या म्हणून धनेशने मला आणलं. चोऱ्या थांबल्या आणि माझं भारी कौतुक झालं.

मोबाइलवरून मान वळवता येणारा मी. कारखान्यातून आलेला पासवर्ड मात्र तसाच राहिला. धनेश म्हणाला, "चाळीत दिवसा दार कोण लावतं? मग याला तरी कशाला कुलूप?" सगळे हसले. मला काही ते पटलं नाही, पण कॅमेऱ्याला विचारतो कोण!

मित्रांनो, संशय घेणं हा माझा धंदाच. एका दुपारी माझी मान आपोआप शेजारच्या सुभद्रामावशींच्या दाराकडे वळली, तेव्हा मी चरकलोच. धनेश तर कामावर गेलेला. मग वळवली कोणी? पुढे रोजच तसं व्हायला लागलं. मावशी एकट्या राहणाऱ्या, माझा जीव खालीवर व्हायचा.

एका रविवारी, दारावर लिहिलेल्या त्यांच्या नंबरवर अनोळखी माणसाचा फोन आला. "हिरवी साडी शोभते हां. किल्ली कुंडीखाली ठेवता ना?"

मावशी तडक गॅलरीत आल्या. समोर धनेश उभा.

"तूच बघतोस ना रे मोबाइलवर? लाज नाय वाटली?"

"आईशप्पथ मावशी, मी नाय! घे, तूच ठेव हा मोबाइल."

हा नव्हे, असं मला ओरडून सांगावंसं वाटलं. इतक्यात माझी मान पुन्हा वळली. मोबाइल मावशींच्या मुठीत, धनेशचे हात रिकामे, आणि मी टकमक त्यांच्याकडे बघतोय! धनेशची बहीण आकांक्षा धावत आली आणि तिने माझी वायरच उपटली.

"दादा, पासवर्ड बदललाच नाहीस? अख्ख्या जगाला गॅलरी दाखवतोयस तू!"

मग वायर परत जोडून तिने पासवर्ड बदलला, माझं सॉफ्टवेअर नवं केलं आणि माझं तोंड जिन्याकडे फिरवलं. एवढंसं काम होतं.

"चुकलं रे माझं," मावशी म्हणाल्या. "बस, चाय टाकते."

"नको, निघतो मी," एरवी न बोलावता चहाला जाणारा धनेश म्हणाला.

मित्रांनो, मला घरी आणलंत तर त्याच दिवशी माझा पासवर्ड बदला. माझ्या डोळ्यांतून बघणारा तो कोण होता, हे अजून कोणालाच कळलेलं नाही. बोलणी मात्र धनेशने खाल्ली.