कोरी वही

मुंबईत समुद्राकाठी रुंद रस्ते आखलेले साहेब चौऱ्याहत्तर साली सोलापुरात आले. अक्कलकोट नाक्यावर त्यांनी धुळाप्पा धनगराला वही देऊन बसवलं. गाडी गेली की एक रेघ मारायची. मेंढरं मोजण्यात त्याचा हात धरणारा तालुक्यात नव्हता.

आठवड्यानं बघतात तर वही कोरी!

"सकाळी गाड्या गेल्या तेवढ्या सांजच्याला माघारी आल्या की! एकबी हरवली न्हाय, मग रेघ कशाची मारू?"

साहेबांनी वही भिरकावली आणि अहवालात लिहिलं, 'रुंद रस्ता नाही, म्हणून वाहनं नाहीत.' रस्ता मंजूर झाला, तोही धुळाप्पाच्या चराईच्या माळावरून.

आता तिथं ट्रक भरधाव धावतात आणि मेंढरांना रस्ता ओलांडावाच लागतो. सांजच्याला धुळाप्पा कळप मोजतो आणि भिरकावलेल्या त्याच वहीत इमानानं रेघ मारतो. एकही दिवस कोरा जात नाही.