कठड्यावरची बाई

शाळेच्या सहलीची यादी उद्या बंद होणार होती आणि तेजस्वीने अजून नाव दिलं नव्हतं. सहल दोन मुक्कामांची होती. तेजस्वी झोपेत चालते, हे वर्गात कुणालाच ठाऊक नव्हतं. कळलं तर आपलं हसं होईल, या धास्तीने ती गप्प होती.

त्या दुपारी रविकांत गुरुजींनी वर्गाच्या खिडक्या लावून घेतल्या आणि भिंतीवर शंभर वर्षांपूर्वीचा एक मूकपट दाखवायला घेतला. त्यात आवाज नाही, म्हणून पिंगुळीच्या परशुराम आजोबांना बोलावलं होतं. चित्रकथीतल्या एकेका चित्राला आवाज द्यायचा, कळसूत्री बाहुल्या नाचवायच्या, हे त्यांचं पिढीजात काम. त्यांनी तर पडद्यावरच्या कुत्र्यालाही मालवणी बोलायला लावलं. पोरं हसून हसून लोळली.

मग पांढऱ्या झग्यातली एक बाई झोपेतच खिडकीतून बाहेर आली आणि तिसऱ्या मजल्याच्या कठड्यावरून चालू लागली. आजोबांनी सवयीने टाळ वाजवला, "बाय माझी निघाली..." आणि एकदम जीभ चावली.

"गप ऱ्हवा रे," ते कुजबुजले. "तिका जाग इली तर पडात!"

वर्ग चिडीचूप झाला. सगळ्यांत दंगेखोर सर्वेश, त्यानेही तोंडावर हात दाबला. बाईचं पाऊल आधी कड चाचपायचं, मग टेकायचं. डोळे उघडे, पण कशावरच न ठरणारे. तेजस्वी बघतच राहिली. आपण अशा दिसतो? ही तर किती सुंदर दिसतेय!

बाई सुखरूप आत गेली, तेव्हा कुठे सगळ्यांनी श्वास सोडला.

"ही नटी टक्क जागी होती बरं का," गुरुजी म्हणाले. "जागेपणी झोप दाखवायची, तीही एका शब्दाशिवाय!"

"माझ्या बाहुल्यांका ह्या जमाचा नाय," आजोबांनी मान डोलावली.

"पण खरा कोण असा चलता?" सर्वेशने विचारलं.

तेजस्वी उभी राहिली. "मी चलतंय."

"खंय? कौलांवर?"

"पडवीपर्यंत. आयेन पायात घुंगरू बांधल्यान हा."

वर्ग खसखसला. सर्वेश मात्र हसला नाही. "मगे सहलीक येवक काय झाला गो? घुंगरू वाजला काय आमी हळूच तुका धरून परत हाडतलों. उठवचो नाय."

गुरुजींनी टेबलावरची यादी पुढे सरकवली. खाली जागा उरली नव्हती. तेजस्वीने समासात नाव लिहिलं.