कांग वागिरानचा अस्सल फोन

"अवं, उलटापालटा काय करताय त्याला! फोन हाय तो, गाय न्हाई!"

सारिंतेनचा आवाज कुंपणापलीकडून आला, तेव्हाच मी ओळखलं, शेजारी पार्सल आलंय. सारिंतेनचा नवरा कांग वागिरान, म्हणजे वागिरानदादा, हा आमच्या गावचा गुरांचा दलाल. तीस वर्षांत मला कुणी फसवलं नाही, हे तो गावाला दिवसातून दोनदा ऐकवणार. हल्ली गिऱ्हाईक आधी गायीचा व्हिडिओ मागतं, म्हणून त्यानं ऑनलाइन फोन मागवला. त्यासाठी बायकोची गाभण शेळी विकली. तिला विचारलं मात्र नाही.

मी माझा फोन घेऊन पलीकडं गेले. पावसानं अंगणाचा नुसता राडा झाला होता. कांग त्यात उभा राहून फोन तळहातावर तोलत होता.

"पाइनी, वजन बघ कसं भरीव हाय!"

"वजन ऱ्हाऊ द्या, कांग. स्टार, हॅश, शून्य, सहा, हॅश दाबा. फोनवर नंबर येतो, तो खोक्यावरच्या नंबराशी जुळला पायजे."

त्यानं दाबलं. सारिंतेननं खोकं डोळ्यांशी धरलं. पहिले तीन आकडेसुद्धा जुळेनात.

"खोकं बदललं आसंल," कांग म्हणाला. "माल अस्सल हाय."

"कानात बिल्ला एक नंबराचा आन् कार्डावर दुसराच, आशी गाय घ्याल का तुमी?" मी विचारलं.

असल्या गायीच्या मालकाला कांगनं गेल्याच बाजारात आईबापावरून शिव्या घातल्या होत्या.

"मग पोनच्या वारी बाजार भरतो, तितं इकून टाकतो कुनाला तरी."

"म्हंजी आता तुमी फसवनार व्हय? लाज धरा जरा!" सारिंतेन कडाडली.

मी दुकानदाराच्या अटी वाचल्या. दोन दिवसांत तक्रार करायची आणि घेणाऱ्यानं स्वतः व्हिडिओत नाव सांगून काय झालं ते बोलायचं. कांगचं तोंड एवढंसं झालं.

"तू बोल की, सारिंतेन."

"फोन तुमच्या नावावर हाय."

मी व्हिडिओसाठी माझा फोन धरला. पहिल्या खेपेला कांग म्हणाला, "मी वागिरान. मला संशय आधीच आलता."

"पुन्यांदा," सारिंतेन म्हणाली.

दुसऱ्या खेपेला त्यानं कुरियरवाल्याला मधे ओढलं. तिसऱ्या खेपेला घाम पुसला, मान खाली घातली आणि पुटपुटला, "नंबर जुळत न्हाईत. फसलो मी."

मला हसू दाबवेना. दुपारी उत्तर आलं, फोन परत पाठवा, पैसे परत मिळतील. कांगनं छाती पुढं काढली.

"बघितलंस? शेवटी माझाच व्हिडिओ कामाला आला!"

सारिंतेननं चाऱ्याचं टोपलं उपडं केलं आणि त्यावर बैठक मारली.

"आता आनि येकदा म्हना."

"आगं, मिटलं की आता!"

"त्यो दुकानदारासाठी व्हता. ह्यो माझ्यासाठी. आन् ह्यात 'तुला न इचारता शेळी इकली' त्येबी घाला."

कांगनं आशेनं माझ्याकडं बघितलं. मी काही घरी जाणार नव्हते.